ऑब्जेक्टचं मूळ गाव ऑस्लो

अभियांत्रिकीच्या मुलांना ऑब्जेक्ट ओरिएंटेड प्रोग्रॅमिंगबद्दल विचारलं की उत्तर येतं जावा, नाहीतर सी प्लस प्लस. त्यात चूक नाही, पण ही कल्पना याच भाषांमधून आली असा समज त्यातून घट्ट होतो. क्लास (म्हणजे साचा) आणि ऑब्जेक्ट (त्या साच्यातून घडलेली वस्तू) आले नॉर्वेतून, १९६७ सालच्या 'सिम्युला ६७' या भाषेत. क्रिस्टन निगार्ड आणि ओले-योहान डाल यांनी ती ऑस्लोच्या नॉर्वेजियन कम्प्युटिंग सेंटरमध्ये घडवली.

सिम्युलाचा पाया होता अल्गोल ६० ही आधीची भाषा. त्यात ब्लॉक, म्हणजे प्रोग्रॅमचा एक तुकडा, सुरू झाला की त्याच्या व्हेरिएबल्सना मेमरीत जागा मिळते आणि ब्लॉक संपला की ती जाते. या जागा स्टॅकवर एकावर एक रचलेल्या असतात. शेवटी आलेला आधी जातो. आकडेमोडीला ही व्यवस्था झकास. पण पुलावरच्या टोलनाक्याचं सिम्युलेशन करून पाहा. आधी आलेला ट्रक आधी सुटतो, मागची बस ताटकळते. प्रत्येक वाहन हा स्वतंत्र ब्लॉक धरला, तर तो मध्येच थांबायला हवा, दुसऱ्याला वाव द्यायला हवा आणि नंतर थांबला होता तिथूनच पुढे चालायला हवा. स्टॅकवर हे जमणं शक्यच नाही. डाल यांनी १९६३ मध्ये स्टॅकचा नाद सोडून मेमरीवाटपाची नवी पद्धत बसवली. ब्लॉकला लागेल तेव्हा मोकळी जागा मिळते आणि त्याच्याकडे नेणारा एकही रेफरन्स, म्हणजे त्याचा पत्ता, उरला नाही, की मगच ती परत घेता येते. आपलं काम संपल्यावरही मेमरीत टिकून राहणारा ब्लॉक, सोबत त्याची व्हेरिएबल्स आणि प्रोसिजर्स: ऑब्जेक्ट म्हणजे नेमकं हेच! मला ही युक्ती संगणकशास्त्रातल्या सर्वांत देखण्या युक्त्यांपैकी एक वाटते.

ब्रिटिश संगणकशास्त्रज्ञ टोनी होअर यांच्या लेखनातून सबक्लासची, म्हणजे क्लासच्या पोटप्रकाराची, कल्पना निगार्ड आणि डाल यांच्यापुढे आलेली होतीच. टोलनाक्याच्याच उदाहरणावर विचार करताना पुढचं सुचलं. ट्रक आणि बस वेगळे, पण रांगेत उभं राहण्यापुरते दोघे सारखेच. मग रांगेचा भाग एकदाच लिहायचा आणि तो दोन्ही क्लासच्या आधी जोडायचा. आजचं इनहेरिटन्स ते हेच.

क्लास वापरले की प्रोग्रॅम आपोआप सुधारतो, असं कोर्सच्या जाहिरातींत सर्रास सांगितलं जातं. ते खोटं आहे. मांडणी वाईट असेल, तर ती क्लासमध्ये घातल्यानेही वाईटच राहते. निगार्ड आणि डाल यांच्यापुढे खरी अडचण होती, म्हणून क्लास आला.

यूटा विद्यापीठात शिकणाऱ्या ॲलन के यांनी १९६६ मध्ये पहिली सिम्युला, म्हणजे सिम्युला ६७ च्या आधीची आवृत्ती, पाहिली. पुढे झेरॉक्सच्या पार्क संशोधन केंद्रात डॅन इंगल्स, ॲडेल गोल्डबर्ग आदींसह त्यांनी स्मॉलटॉक ही भाषा घडवली. 'ऑब्जेक्ट ओरिएंटेड' हे नावही के यांचंच. केंब्रिजमध्ये सिम्युला वापरलेल्या ब्यार्ने स्ट्रूस्ट्रुप यांना तिचे क्लास आवडले, पण तिचा वेग पुरेना. १९७९ मध्ये बेल लॅब्जमध्ये त्यांनी सी भाषेला क्लास जोडायला घेतले आणि त्यातूनच सी प्लस प्लस उभी राहिली. निगार्ड आणि डाल यांना संगणकशास्त्रातला सर्वोच्च मानला जाणारा २००१ सालचा ट्युरिंग पुरस्कार मिळाला.