टाइम-टर्नर

टाइम-टर्नर : ब्रिटिश लेखिका जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटर कादंबरीमालेतील, माणसाला काही तास मागे नेणारी काल्पनिक जादुई वस्तू. लांब, बारीक सोन्याच्या साखळीला अडकवलेले चिमुकले वाळूचे घड्याळ असे तिचे रूप आहे. साखळी गळ्यात घालून घड्याळ जितक्या वेळा उलटावे तितके तास मागे जाता येते, आणि तीच साखळी दुसऱ्याच्या गळ्याभोवतीही टाकली तर दोघे बरोबर जातात. मूळ क्षणाकडे परतण्यासाठी मात्र जादू लागत नाही. मागे गेलेला माणूस ते तास नेहमीसारखे जगत पुढे येतो आणि तोवर तो एकाच वेळी दोन ठिकाणी हजर असतो.

ही वस्तू प्रथम येते ती 1999 मध्ये प्रसिद्ध झालेल्या तिसऱ्या कादंबरीत, आणि तेही अगदी साध्या कारणासाठी. जादूच्या शाळेत शिकणाऱ्या, कथानायक हॅरीची मैत्रीण हर्मायनी ग्रेंजर या अभ्यासू मुलीने इतके विषय घेतलेले असतात की वेळापत्रकात सकाळी नऊ वाजता तिचे एकदम तीन वर्ग लागतात. प्राध्यापिका मॅक्गॉनागल जादू मंत्रालयाशी पत्रव्यवहार करून तिच्यासाठी टाइम-टर्नर मिळवतात आणि अभ्यासाखेरीज त्याचा वापर करणार नाही, असे वचन घेतात. वर्गात ती अचानक उगवते, जिन्यावरून मध्येच दिसेनाशी होते, वर्षअखेरीस थकून जाते. या खुणा लेखिकेने कथेत आधीपासून पेरलेल्या आहेत, परंतु त्यांचा उलगडा शेवटच्या प्रकरणांत होत असल्याने पहिल्या वाचनात त्या सहसा हुलकावणी देतात.

कथेचा कळस ज्या रात्री घडतो, त्या रात्री मुख्याध्यापक डंबलडोर यांच्या सूचनेवरून हर्मायनी आणि हॅरी घड्याळ तीनदा फिरवून तीन तास मागे जातात. बकबीक या हिपोग्रिफला, म्हणजे गरुडाचे डोके आणि घोड्याचे धड असलेल्या प्राण्याला, मृत्युदंडातून सोडवायचे आणि त्याच्या पाठीवरून हॅरीचा धर्मपिता, निरपराध सिरियस ब्लॅक याला मनोऱ्यातील कैदेतून पळवायचे, असे हे काम असते. पहिल्या खेपेस मुलांनी कुऱ्हाडीचा आवाज ऐकून बकबीक मेला असे मानलेले असते. दुसऱ्या खेपेस कळते, की तो निसटल्याच्या रागाने जल्लादाने कुऱ्हाड कुंपणावर हाणली होती. त्याचप्रमाणे तळ्याकाठी डिमेंटरांना, म्हणजे माणसाचा आनंद शोषून घेणाऱ्या भयानक जीवांना, पिटाळणारा पॅट्रोनस हा जादूचा रक्षक आपल्या मृत वडिलांनीच पाठवला, असे हॅरीला वाटलेले असते, पण तो त्याने स्वतःच, मागे येऊन, पाठवलेला होता. आपण हे एकदा केलेलेच आहे, हे उमगल्यामुळे त्याला ती अवघड जादू साधते.

येथे भूतकाळ बदललेला नाही, ही गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. जे घडले होते तेच घडते. मुलांना ते अर्धवट दिसले होते, इतकेच. मागे जाऊन कोणी आपल्याच आजोबांना मारले तर तो जन्मला कसा, हा कालप्रवासातला जुना पेच अशा बंद वर्तुळात उद्भवत नाही. रशियन भौतिकशास्त्रज्ञ ईगॉर नोविकॉव्ह यांनी 1980च्या दशकात मांडलेल्या स्वयंसुसंगतीच्या तत्त्वाचा आशयही हाच आहे. हर्मायनी मात्र स्वतःच्याच नजरेस पडू नये म्हणून सतत धडपडते आणि चुकून आपल्याच भूत वा भविष्यरूपाला मारून बसलेल्या जादूगारांचे दाखले देते. हे दाखले त्या बंद वर्तुळात बसत नाहीत, आणि ही विसंगती मालिकेत कुठेच मिटत नाही.

इतके सामर्थ्यवान साधन हाताशी असताना पुढची संकटे का टाळली जात नाहीत, हा प्रश्न साहजिक होता. आपण कालप्रवासाच्या विषयात फारसा विचार न करता शिरलो, असे रोलिंग यांनी स्वतःच नमूद केले आहे. हर्मायनी वर्षअखेरीस वस्तू परत करते, आणि 2003च्या पाचव्या कादंबरीत मंत्रालयातील झटापटीत टाइम-टर्नरांचे कपाट कोसळून सगळा साठा नष्ट होतो. ते कपाट पडते, फुटते, आपोआप सांधले जाऊन भिंतीवर चढते आणि पुन्हा पडते. अडचणीची वस्तू कथेबाहेर काढण्याची याहून चतुर रीत क्वचितच सापडेल. नंतरच्या एका टिपणात रोलिंग यांनी पाच तासांची सुरक्षित मर्यादा सांगितली आणि एलोइझ मिंटंबल या काल्पनिक जादूगारिणीची हकिगत जोडली. 1899 मध्ये ती 1402 सालात जाऊन पाच दिवस अडकली, परतताच तिचे शरीर पाच शतकांनी म्हातारे झाले आणि तिच्या तेथील वावरामुळे वर्तमानातील 25 माणसे जन्मलीच नाहीत असे झाले.

2016 मध्ये लंडनच्या रंगभूमीवर आलेल्या, याच मालिकेची कथा पुढे नेणाऱ्या ‘हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड’ या नाटकात वर्षानुवर्षे मागे नेणारे टाइम-टर्नर दिसतात. हॅरीचा मुलगा आल्बस आणि त्याचा मित्र स्कॉर्पियस हे दोघे, चौथ्या कादंबरीत मारल्या गेलेल्या सेड्रिक डिगरी या विद्यार्थ्याचा मृत्यू टाळायला जातात आणि परतल्यावर त्यांना दर वेळी निराळेच जग सापडते. कादंबरीतील बंद वर्तुळ येथे मोडले आहे. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतही पर्यायी इतिहास आहे, पण तेथे त्यामागे वैज्ञानिक उपपत्ती दिलेली आहे. नाटकात ती नाही, आणि तर्काच्या दृष्टीने नाटक कादंबरीपुढे सैल वाटते. तरीही त्याचा शेवट जुन्या नियमाकडे वळतो. 1981 साली, आईवडिलांच्या हत्येच्या रात्री पोहोचलेला प्रौढ हॅरी सारे डोळ्यांदेखत घडताना पाहतो आणि मध्ये पडत नाही.