सह्याद्रीच्या महागरुडाला आडवा येतो तो पावसाळा

अमृत आणायला निघालेल्या गरुडाने एका पंज्यात हत्ती आणि दुसऱ्यात कासव उचललं, अशी कथा महाभारतात आहे. असा पक्षी खरोखर असता तर त्याने घर कुठे केलं असतं? माझं उत्तर ठरलेलं आहे: महाबळेश्वर ते कास या पट्ट्यातले पश्चिमेकडचे कडे. पण तिथे राहायचं तर त्याचा आकार, पिल्लं, खाणं, सगळंच निसर्गाच्या हिशोबात बसायला हवं. तो हिशोब मांडून पाहण्यासारखा आहे.

हत्तीचा विषय लगेच मिटतो. एखादा पक्षी सगळ्या बाजूंनी दुप्पट मोठा केला, तर त्याच्या पंखांचं क्षेत्रफळ चौपट होतं, वजन मात्र आठपट. म्हणजे पंखाच्या प्रत्येक इंचावर दुप्पट भार. हवेत टिकायचं तर त्याला सुमारे 1.4 पट वेगाने उडावं लागतं, आणि स्नायूंची ताकद त्या मानाने वाढत नाही. म्हणून फार मोठे पक्षी पंख मारण्याच्या फंदात पडत नाहीत, ते तरंगतात. दक्षिण अमेरिकेतला अँडीजचा काँडॉर, गिधाडासारखा एक पक्षी, 15 किलोपर्यंत भरतो. 2020 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात या काँडॉरांच्या अंगावर नोंदयंत्रं बसवली होती. उडण्याच्या एकूण वेळापैकी जेमतेम 1 टक्का वेळ ते पंख मारत होते, तेही मुख्यतः जमिनीवरून उठताना. एक पठ्ठ्या तर पंख न हलवता पाच तासांहून जास्त वेळ हवेत राहिला आणि 172 किलोमीटर गेला.

खरी कसोटी उठण्याचीच. सुमारे 60 लाख वर्षांपूर्वी अर्जेंटिनात आर्जेन्टाव्हिस नावाचा पक्षी होता. पंखांचा पसारा 7 मीटरच्या आसपास, वजन 70 किलोच्या घरात. जीवाश्मशास्त्रज्ञ शंकर चॅटर्जी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2007 मध्ये त्याच्या उड्डाणाचं गणित मांडलं. सपाटीवर उभ्या उभ्या उठणं त्याला जमणारं नव्हतं. उतारावरून, समोरच्या वाऱ्यात धावत सुटलं तर जमत होतं. याहून कितीतरी मोठा, दहा मीटर पंखांचा क्वेट्झलकोट्लस उडायचा, पण तो पक्षी नव्हता, टेरोसॉर होता, म्हणजे डायनासोरांच्या काळातला उडणारा सरीसृप. अनेक संशोधकांच्या मते टेरोसॉर चारही पायांवर जोर देऊन उसळी घ्यायचे, त्यामुळे पंखांचे दणकट स्नायूच उसळीला कामी यायचे. पक्षी उसळी घेतो पायांनी, आणि एकदा हवेत गेला की ते पाय नुसतं ओझं. हे शेवटचे महाकाय टेरोसॉर सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी संपले. साधारण त्याच काळात आपल्याकडे लाव्ह्याचे थरावर थर साचत होते. दख्खनच्या या बेसाल्टातल्या वरच्या थरांना भूशास्त्रज्ञांनी आपल्या वाईचंच नाव दिलंय: वाई उपगट.

तर आपला महागरुड आर्जेन्टाव्हिसएवढा धरू. उठायला त्याला कडा हवा, आणि कड्यांची इथे कमतरता नाही. कोकणातून येणारा वारा कड्याला आदळतो आणि वर वळतो. आर्थर सीटच्या टोकावरून वाळकं पान खाली टाकलं तर बऱ्याचदा ते भिरभिरत पुन्हा वरच येतं. उन्हाळ्यात जांभ्याचे सडे तापले की गरम हवेचे स्तंभ उठतात, पाचगणीचे पॅराग्लायडर ज्याला थर्मल म्हणतात ते. दुपारी यवतेश्वरच्या घाटात कठड्याशी थांबलं तर घार कधी कधी अगदी नजरेच्या पातळीवर येते. पंख ताठ, टोकाची पिसं एकमेकांपासून सुटी, फक्त शेपूट किंचित डावी-उजवी कलते. बघता बघता ती ठिपका होते. महागरुडाचं उडणं असंच असणार, फक्त गिरक्या जास्त रुंद आणि संथ.

इथवर सगळं जमतंय. गाडी अडते ती घरट्यापाशी, आणि मला वाटतं सगळ्यात महत्त्वाचं गणित हेच आहे. काँडॉर एका वेळी एकच अंडं घालतो. ते उबवायला जवळपास दोन महिने, आणि पिल्लू उडायला लागायला आणखी सहा. एकूण आठ. साताऱ्याच्या कड्यांवर पाऊस ओसरल्यापासून पुन्हा कोसळेपर्यंत किती महिने मिळतात? ऑक्टोबर ते मे, म्हणजे आठच. महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. धुक्यात थर्मल नाही, भिजलेली पिसं जड, आणि कपारीत न उडणारं पिल्लू म्हणजे मरणच. पक्षी जितका मोठा तितकं त्याचं पिल्लू साधारणपणे जास्त काळ घरट्यात राहतं. म्हणजे काँडॉरच्या वर गेलेला महागरुड जूनच्या आत पिल्लू बाहेर काढू शकेल, याची खात्री नाही. पंख त्याला पेलतील, पण मृग नक्षत्र थांबणार नाही. माझ्या हिशोबाने सह्याद्रीतला महागरुड काँडॉरपेक्षा फार मोठा होऊ शकला नसता.

पावसाळ्यात तो राहील कुठे? याच जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला. माण तालुक्यात वर्षभराचा पाऊस 500 मिलिमीटरच्या आसपास असतो. धनगरांचे वाडे दिवाळीनंतर कोकणाकडे उतरतात आणि पावसाच्या तोंडावर माण-खटावच्या माळावर परततात. महागरुडाचं वेळापत्रकही साधारण हेच ठरतं. माळावर मेंढरं असतात, जनावरं मरतात, आणि एवढ्या मोठ्या पक्ष्याचं पोट मेलेल्या जनावरांवरच भरणार. शिकार उचलून न्यायची तर स्वतःच्या निम्म्या वजनाचा भारसुद्धा मोठ्या गरुडांना जड जातो.

आता या हिशोबातला सगळ्यात नाजूक आकडा. काँडॉरसारखंच महागरुडाचंही दोन वर्षांतून एक पिल्लू, तेही वयात यायला बरीच वर्षं. अशा जीवाला रोजची टंचाई सोसते, पण वयात आलेले पक्षी मरायला लागले की भरपाई होत नाही. कड्यांवर राहणाऱ्या आपल्या लांब चोचीच्या गिधाडांचं हेच झालं. तेही वर्षाला एकच अंडं घालतात. गुरांना दिलेलं डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक औषध मेलेल्या जनावराच्या मांसातून त्यांच्या पोटात गेलं, मूत्रपिंडं निकामी झाली, आणि 1990 च्या दशकापासून देशातली 95 टक्क्यांहून जास्त गिधाडं गेली. जनावरांसाठीच्या डायक्लोफेनॅकवर 2006 मध्ये बंदी आली. महागरुडाचा पिल्लं वाढवण्याचा वेग गिधाडाच्या निम्मा, म्हणून तो त्याआधीच जवळपास संपला असता. आणि जे थोडे उरले असते, त्यांना चाळकेवाडीच्या पठारावर पवनचक्क्यांच्या पात्यांमधून वाट काढावी लागली असती, कारण आपण पवनचक्क्या उभ्या केल्या त्या नेमक्या त्याच वाऱ्यासाठी.