विल्बर, रिचर्ड

(१ मार्च १९२१ – १४ ऑक्टोबर २०१७). अमेरिकन कवी आणि सतराव्या शतकातील फ्रेंच पद्यनाटकांचे इंग्रजी अनुवादक. मोलिएर, रासीन आणि कॉर्नेय या तिघांची नाटके त्यांनी इंग्रजीत आणली. कीर्ती मात्र मुख्यतः मोलिएरमुळे मिळाली.

त्यांचा जन्म न्यूयॉर्क शहरात झाला आणि बालपण न्यू जर्सीत गेले. वडील चित्रकार होते. १९४२ मध्ये ॲम्हर्स्ट कॉलेजची पदवी घेतल्यावर ते सैन्यात गेले आणि ३६ व्या पायदळ डिव्हिजनमधून इटली व फ्रान्समध्ये लढले. युद्धानंतर हार्वर्ड विद्यापीठात शिकताना फ्रेंच कवी आंद्रे द्यू बुशे यांच्याशी त्यांची मैत्री जमली. या मित्राने त्यांच्या कविता प्रकाशकाकडे धाडल्या आणि १९४७ मध्ये पहिला संग्रह निघाला.

नाटकाकडे ते वळले स्वतःची पद्यनाटके लिहिण्यासाठी. गुगेनहाइम शिष्यवृत्तीवर त्यांनी तसा प्रयत्न केला, पण ती नाटके त्यांना स्वतःलाच पसंत पडली नाहीत. मग रंगमंचावरचे पद्य शिकायचे तर थोर नाटककाराकडूनच शिकावे, म्हणून त्यांनी मोलिएरचे ‘द मिझँथ्रोप’ अनुवादाला घेतले. १९५५ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील केंब्रिज येथील पोएट्स थिएटरने ते रंगमंचावर आणले. पुढे ‘तार्त्यूफ’ (१९६३), ‘द स्कूल फॉर वाइव्ज’ (१९७१) आणि ‘द लर्नेड लेडीज’ (१९७८) ही नाटके आली. रासीनची ‘आंद्रोमाक’ आणि ‘फेद्र’ही त्यांनी अनुवादली.

मोलिएरची ही नाटके बारा अक्षरी, यमकबद्ध ओळींत आहेत. विल्बर यांनी इंग्रजीसाठी पाच आघातांची ओळ घेतली, पण दोन-दोन ओळींचे यमक सोडले नाही. कल्पना आणि क्रम मुळाबरहुकूम ठेवून, जवळजवळ ओळीला ओळ लावत त्यांनी काम केले. गद्यात मोलिएरची पुनरुक्ती आणि तोलून केलेले युक्तिवाद पाल्हाळिक वाटतात, पद्यात त्यांनाच आकार येतो, असे त्यांचे म्हणणे होते. ‘तार्त्यूफ’च्या पहिल्या अंकात याचा पुरावा मिळतो. गावाहून परतलेल्या घरधनी ऑर्गोंला मोलकरीण दोरीन सांगते की बाईंना ताप भरला होता, डोके ठणकत होते. त्यावर तो विचारतो, “आणि तार्त्यूफ?” तार्त्यूफ हा धार्मिकतेचे सोंग घेऊन घरात राहिलेला पाहुणा. तो तर मजेत जेवूनखाऊन झोपलेला असतो. तरी ऑर्गों त्याच्यासाठीच हळहळतो, “बिचारा!” हा प्रश्न आणि ही हळहळ चार-चार वेळा येते. दरवेळी यमकाचा ठेका चालू असताना तेच शब्द अचूक जागी पडतात, म्हणून हशा वाढत जातो. ठेका गेला, तर नुसती पुनरावृत्ती उरते. विल्बर यांनी तो राखला, आणि त्यांच्या अनुवादाचे खरे मोल इथेच आहे.

मराठी रंगभूमीने मोलिएर मुख्यतः रूपांतराच्या वाटेने घेतला. हरी नारायण आपट्यांचे ‘मारून मुटकून वैद्यबुवा’ किंवा आचार्य अत्र्यांचे ‘कवडीचुंबक’ यांत माणसे आणि घरे इथलीच झाली. विल्बर यांनी मात्र पात्रांना त्यांच्या मूळ ठिकाणीच ठेवले.

त्यांच्या ओळी नटांच्या तोंडी सहज बसत. ‘द स्कूल फॉर वाइव्ज’मधील भूमिकेसाठी नट ब्रायन बेडफर्ड यांना १९७१ मध्ये अमेरिकी रंगभूमीचा टोनी पुरस्कार मिळाला. ‘तार्त्यूफ’च्या अनुवादासाठी विल्बर यांना बोलिंगेन अनुवाद पुरस्कार मिळाला होता. लेनर्ड बर्नस्टाइन यांच्या ‘कँडिड’ (१९५६) या संगीतिकेची बरीच गीतेही त्यांचीच.

स्वतंत्र कवितेसाठी १९५७ आणि १९८९ मध्ये त्यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले. १९८७-८८ मध्ये ते अमेरिकेचे राजकवी होते. वेस्लियन विद्यापीठ आणि स्मिथ कॉलेज येथे त्यांनी अध्यापन केले.

उतारवयात ते कॉर्नेयकडे वळले. ‘द थिएटर ऑफ इल्यूजन’ २००७ मध्ये, तर ‘ल सिद’ आणि ‘द लायर’ २००९ मध्ये, वयाच्या ८८ व्या वर्षी प्रसिद्ध झाले. मोलिएरच्या दहा नाटकांचे त्यांचे सर्व अनुवाद जन्मशताब्दीच्या वर्षी, २०२१ मध्ये, लायब्ररी ऑफ अमेरिकाने दोन खंडांत एकत्र छापले.