पावसाचे दिवस आणि पावसाचे मिलिमीटर: खंडित आणि संतत चल

मराठीत पैसेही मोजतात आणि उंचीही मोजतात. क्रियापद एकच. त्यामुळे ‘गणता येतो तो खंडित चल, मापता येतो तो संतत चल’ एवढे सांगून भागत नाही. मुले माना डोलावतात आणि दुसऱ्याच उदाहरणाला अडखळतात. म्हणून वर्गात मी आधी पाऊस घेतो.

मुंबईतला जुलै महिना धरा. या महिन्यात पावसाचे दिवस किती भरतील? आणि एकूण पाऊस किती मिलिमीटर पडेल? दोन्ही आकडे आधी सांगता येत नाहीत, म्हणजे दोन्ही यादृच्छिक चल. हवामान विभागाच्या हिशेबाने २४ तासांत २.५ मिलिमीटर किंवा त्याहून जास्त पाऊस झाला, तर तो पावसाचा दिवस. म्हणजे पहिल्या प्रश्नाचे उत्तर ० ते ३१ मधली एखादी पूर्ण संख्याच असणार. बावीस किंवा तेवीस, साडेबावीस नाही. हा खंडित चल. पाऊस मात्र ६०० आणि ६०१ मिलिमीटरच्या मध्ये कुठेही थांबू शकतो. तो संतत.

इथे दरवर्षी कोणीतरी हात वर करते. सर, नोंदवहीत तर १२.४ नंतर थेट १२.५ येते, मग पाऊसही खंडितच झाला ना? मला हा प्रश्न फार आवडतो. सकाळी साडेआठला निरीक्षक पर्जन्यमापकाचे नरसाळे काढतो, बाटलीतले पाणी काचेच्या मोजपात्रात ओततो, डोळा पाण्याच्या पातळीला आणतो आणि जवळची रेघ वाचतो. रेघा काचेवर आहेत, पावसात नाहीत. वहीतले १२.४ म्हणजे १२.३५ ते १२.४५ मधले काहीतरी. नोंद तुटक असली तरी पडलेला पाऊस सलगच होता.

खरा फरक संभाव्यता कुठे बसते यात आहे. खंडित चलात ती एकेका किमतीवर बसते: बावीस दिवसांची इतकी, तेवीस दिवसांची इतकी, आणि सगळ्यांची बेरीज १. संतत चलात कोणत्याही एका नेमक्या किमतीची संभाव्यता शून्य असते. विचारायचे ते अंतराबद्दल, ६०० ते ७०० च्या मध्ये किती, असे. शून्य म्हणजे अशक्य नव्हे, हे सावकाश समजून घ्यावे लागते. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. त्यामागे पडलेल्या पाण्याची एक अगदी नेमकी उंची होतीच. त्या नेमक्या उंचीची आधीची संभाव्यता शून्य होती, आणि तरी तीच घडली.

परीक्षेत गुण जातात ते यातूनच. ‘किमान २०’ आणि ‘२० पेक्षा जास्त’ ही पावसाच्या दिवसांसाठी दोन वेगळी उत्तरे आहेत, कारण २० वरच काही संभाव्यता बसली आहे. मिलिमीटरसाठी ‘किमान ६००’ आणि ‘६०० पेक्षा जास्त’ यांचे उत्तर एकच.

संतत चलाच्या आलेखाची उंची ही घनता असते, संभाव्यता नव्हे; संभाव्यता म्हणजे आलेखाखालचे क्षेत्रफळ. दर १५ मिनिटांनी सुटणाऱ्या बससाठी तुम्ही वेळ न बघता स्टॉपवर पोचलात, तर थांबण्याचा वेळ ० ते पाव तास यात सारख्याच शक्यतेने कुठेही पडतो. वेळ तासांत मोजला तर घनता येते ४. संभाव्यता १ च्या वर गेली कशी, म्हणून मुले घाबरतात. पण क्षेत्रफळ ४ गुणिले पाव, म्हणजे १ च.

उलट्या बाजूची चूकही होते: किमती अनंत आहेत म्हणजे चल संतत असणार. पहिला छापा पडेपर्यंत नाणे किती वेळा उडवावे लागेल? १, २, ३, कितीही. यादी संपत नाही, पण एकामागून एक लिहिता येते, म्हणून चल खंडितच. घोड्याच्या लाथेने मेलेल्या प्रशियन सैनिकांची गणतीही अशीच. संख्याशास्त्रज्ञ बोर्टकिएविच यांनी १८९८ मध्ये अशा २०० नोंदी, दहा सैन्यदलांच्या वीस वर्षांच्या (एका दलाची एका वर्षाची एक नोंद), पॉइसन वितरणाशी, म्हणजे क्वचित घडणाऱ्या घटना किती वेळा घडतील याची संभाव्यता देणाऱ्या सूत्राशी, ताडून पाहिल्या. १०९ नोंदींत एकही मृत्यू नाही, ६५ मध्ये एक, २२ मध्ये दोन, ३ मध्ये तीन आणि एकीत चार. पॉइसनच्या सूत्राने शून्याच्या नोंदी येतात सुमारे १०८.७. इतका जवळचा मेळ बघून मला आजही आनंद होतो.

आता महिन्याऐवजी एकच दिवस घ्या, सोलापुरातला फेब्रुवारीतला. त्या दिवशीचा पाऊस कोणता चल? बहुतेक वेळा थेंबही नाही, म्हणजे शून्य या एकाच किमतीवर संभाव्यतेचा मोठा ढीग. पण पडलाच तर ३ आणि ४ मिलिमीटरच्या मध्ये कुठेही थांबेल. हा ना धड खंडित, ना धड संतत. याला मिश्र चल म्हणतात. त्याच्या संचयी वितरणाचा, म्हणजे ‘इतका किंवा त्याहून कमी पाऊस’ याच्या संभाव्यतेचा, आलेख शून्यावर जिन्याच्या पायरीसारखा एकदम उंच उडी घेतो आणि तिथून पुढे घाटरस्त्यासारखा सलग चढत जातो.