गेटर खरंच महाग पडतो का?

इंदूरच्या राजेंद्रनगरात प्रोग्रामिंग शिकणाऱ्या मराठी मुलामुलींशी बोलताना एक प्रश्न हमखास येतो : "काका, फील्ड थेट वाचलं तर प्रोग्राम जास्त वेगात चालेल ना? मग मध्ये गेटर कशाला?"

शंका रास्त आहे. फील्ड ही मूल्य साठवणारी मेमरीतली जागा, तर गेटर ही ते मूल्य वाचून देणारी मेथड. मेथड बोलवायची म्हणजे परतीचा पत्ता जपायचा, दुसऱ्या कोडवर उडी मारायची आणि मूल्य घेऊन परत यायचं. कागदावर गेटर महागच दिसतो.

पण जावा किंवा सी-शार्पमध्ये ही उडी बहुतेक वेळा उरतच नाही. प्रोग्राम चालू असतानाच जेआयटी (जस्ट-इन-टाइम) कंपाइलर छोट्या मेथडचा मजकूर थेट बोलावणाऱ्या कोडमध्ये उतरवतो. याला इनलायनिंग म्हणतात. हॉटस्पॉटमध्ये, म्हणजे जावा प्रोग्राम चालवणाऱ्या व्हर्च्युअल मशीनमध्ये, छोट्या मेथडसाठी आकाराची मर्यादा मुळात 35 बाइट्स बाइटकोडची आहे. पूर्णांक परत करणारा साधा गेटर 5 बाइट्समध्ये आटोपतो. उपवर्गानं तोच गेटर बदलून लिहिला असेल तर? हॉटस्पॉट आधी पाहतो की असा उपवर्ग अजून लोड झालाय का. नसेल, तर बिनधास्त इनलाइन करतो, आणि पुढे तसा उपवर्ग आलाच तर तो कोड रद्द करून नव्यानं तयार करतो. मला ही युक्ती फार देखणी वाटते. तिची मुळं 1980च्या दशकातल्या सेल्फ भाषेवरच्या संशोधनात आहेत. तिथे साधं मूल्य वाचायलाही संदेशच पाठवावा लागे, म्हणजे मेथड बोलवण्यासारखंच, त्यामुळे संदेश स्वस्त करणं भागच होतं.

पायथनचं वेगळं. तिथे प्रॉपर्टी (फील्डसारखा वाचता येणारा गेटर) वाचली की खरोखर फंक्शन चालतं, आणि लाखो फेऱ्यांच्या लूपमध्ये ते जाणवतं. मूल्य बदलणार नसेल, तर लूपआधीच स्थानिक व्हेरिएबलमध्ये घ्यावं.

सी-शार्पमध्ये वेगाचं मोजमाप नेहमी रिलीज बिल्डवर, म्हणजे वापरासाठी तयार केलेल्या वेगवान आवृत्तीवर करा. चुका शोधण्यासाठीच्या डीबग बिल्डमध्ये इनलायनिंग बंद असतं, त्यामुळे गेटर उगाच बदनाम होतो. मेथड कॉलचा खर्च साधारण एक-दोन नॅनोसेकंद. कॅशमध्ये (प्रोसेसरजवळच्या छोट्या, वेगवान मेमरीत) नसलेलं मूल्य मुख्य मेमरीतून आणायला शंभर नॅनोसेकंदांच्या आसपास लागतात. म्हणून डेटा मेमरीत सलग आहे की विखुरलेला, हे आधी तपासा. आणि गेटरच्या पोटात डेटाबेसची क्वेरी दडलेली असेल, तर ती तिथून काढून स्पष्ट नावाच्या मेथडमध्ये ठेवा.