वँगेलिसचा तो फुगत जाणारा स्वर

'ब्लेड रनर' या चित्रपटाच्या सुरुवातीला एक स्वर ऐकू येतो. पितळी वाद्यासारखा, हळूहळू फुगत जाणारा आणि विरताना किंचित थरथरणारा. आज कुणीही तो सॉफ्टवेअरमध्ये एका क्लिकवर काढतं, पण मूळ स्वर बोटाच्या दाबावर निघालेला आहे, आणि त्याचं कूळ शोधायचं तर ग्रीसमध्ये जावं लागतं.

इव्हांगेलोस ओडिसियस पापाथानासिऊ, म्हणजेच वँगेलिस (२९ मार्च १९४३ – १७ मे २०२२), व्होलोस शहराजवळच्या आग्रिया गावचा. स्वरलिपी तो शिकलाच नाही. लहानपणी पियानोच्या तारांमध्ये खिळे आणि भांडी अडकवून कसा आवाज येतो ते बघायचा. साठच्या दशकात अथेन्समध्ये 'फॉर्मिंक्स' हा बँड आणि काही ग्रीक चित्रपटांचं संगीत झालं. १९६७ साली लष्कराने सत्ता बळकावली. पुढच्या वर्षी डेमिस रूसोस आणि लुकास सिदेरास या संगीतकार साथीदारांसोबत तो लंडनला निघाला, पण ब्रिटनमध्ये प्रवेश मिळेना, म्हणून मुक्काम पॅरिसमध्ये पडला. तिथे 'अ‍ॅफ्रोडाइट्स चाइल्ड' हा त्यांचा बँड गाजला. सिनेसंगीताच्या दृष्टीने मात्र दिग्दर्शक फ्रेडरिक रोसिफच्या प्राणीजीवनावरच्या माहितीपटांचं काम जास्त मोलाचं ठरलं. चित्र बघत बघत वाजवायची सवय तिथे मुरली.

१९७५ मध्ये लंडनला मार्बल आर्चजवळ त्याने 'नेमो' हा स्वतःचा स्टुडिओ थाटला. भोवती कीबोर्डांचा गराडा, पायाशी व्हॉल्यूमच्या पेडलांची रांग. ज्या पेडलावर पाय, ते वाद्य पुढे येणार. दृश्याची व्हिडिओ टेप लावायची, पहिल्या ओघात वाजवायचं आणि नंतर त्यावर थर चढवायचे.

या गराड्यातलं मुख्य वाद्य म्हणजे यामाहाचं सीएस-८० हे सिंथेसायझर, म्हणजे विजेवर आवाज घडवणारा कीबोर्ड. 'ब्लेड रनर'चा तो स्वर याचाच. वजन सुमारे १०० किलो, ६१ पट्ट्या. एका वेळी आठ स्वर वाजतात, आणि प्रत्येक स्वरामागे आवाजाचे दोन थर. खरी गंमत दाबात आहे. पट्टी खाली गेल्यावर बोट आणखी रेटलं, तर तेवढाच स्वर उजळतो किंवा थरथरतो, बाकीचे जागच्या जागी राहतात. पट्ट्यांच्या वर एक लांब फीत असते. तिच्यावरून बोट फिरवलं की चक्क मींड निघते; हार्मोनियमला जे जमत नाही ते. आपल्या कानाला वँगेलिस परका वाटत नाही, त्याचं निम्मं श्रेय मी या फितीला देईन.

वाद्य मात्र नाठाळ. आतले स्वरजनक अ‍ॅनालॉग, म्हणजे संगणकी आकड्यांऐवजी विजेच्या सर्किटांवर चालणारे, असल्याने खोली तापली की सूर सरकतो. प्रत्येक आवाजाचं सर्किट वेगळं, त्यामुळे आठही सारखेच सरकतील याची खात्री नाही. मग झाकण उघडून बारीक पेचकसाने एकेक आवाज जुळवत बसायचं. यामाहाने खास बनवलेल्या चिप्स आता निघत नाहीत. दुरुस्तीला सुटे भाग बहुधा दुसऱ्या बंद पडलेल्या सीएस-८० मधूनच काढावे लागतात.

१९८१ चा 'चॅरियट्स ऑफ फायर' हा चित्रपट १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकवरचा. अशा जुन्या काळाच्या गोष्टीला सिंथेसायझर लावणं धाडसाचंच. दिग्दर्शक ह्यू हडसनला समुद्रकिनाऱ्यावर धावण्याच्या दृश्यासाठी वँगेलिसचीच 'लाँफाँ' ही जुनी रचना हवी होती. नवी करतो, असा आग्रह वँगेलिसने धरला आणि ती सुप्रसिद्ध धून झाली. ऑस्कर मिळालं ते २९ मार्च १९८२ ला, म्हणजे त्याच्या वाढदिवशी. समारंभाला तो गेलाच नव्हता. मे महिन्यात तीच धून अमेरिकेच्या बिलबोर्ड या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पहिल्या क्रमांकावर होती.

त्याच वर्षी आलेल्या 'ब्लेड रनर'चं नशीब उलटं. चित्रपटासोबत बाजारात आली ती वाद्यवृंदाने पुन्हा वाजवलेली आवृत्ती, ज्यात तो फुगणारा स्वर शोधूनही सापडत नाही. मूळ संगीतासाठी चाहते चोरट्या प्रतींवर भागवत राहिले. वँगेलिसचा अल्बम निघाला १९९४ मध्ये, तोही मध्येमध्ये संवाद घालून आणि बरेच तुकडे गाळून. त्यातले काही २००७ च्या तीन सीडींच्या संचात आले.