एकट्या संगीतकाराची गोष्ट

‘जुन्या हिंदी चित्रपटांच्या गाण्यांतला प्रत्येक सूर, व्हायोलिनचा प्रत्येक तुकडासुद्धा, संगीतकार एकटाच रचायचा,’ असा मजकूर वर्षानुवर्षं फिरतोय. समज स्वाभाविक आहे, कारण रेकॉर्डच्या वेष्टनावर ठळक नाव संगीतकाराचंच असायचं.

प्रत्यक्षात बहुतेक वेळा संगीतकार पेटीवर चाल बांधायचा. ती चाल वाद्यवृंदात बसवायचा अरेंजर. व्हायोलिनं कुठे शिरतील, ट्रम्पेट कुठे थांबेल, हे तो पाश्चात्त्य स्वरलिपीत लिहून प्रत्येक वादकापुढे कागद ठेवायचा. मुंबईतल्या या अरेंजर आणि वादकांत गोव्याची माणसं मोठ्या संख्येनं होती. तिथल्या चर्चच्या शाळांत मुलांना लहानपणीच स्वरलिपी वाचायला शिकवत. या माणसांची नावं आपल्या ओठांवर नाहीत, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

पडताळायचं असेल तर चित्रपटाची श्रेयनामावली थांबवून वाचा. मुख्य नावाखाली बारीक अक्षरांत ‘सहायक’ किंवा ‘अरेंजर’ दिसतो. मात्र कित्येकदा तेही नाव गाळलेलं असे, म्हणून नाव नाही म्हणजे माणूस नव्हता असं धरू नका. मग वादकांच्या मुलाखती ऐका.

यानं संगीतकार लहान होत नाही. मूळ चाल त्याची, आणि काय ठेवायचं, काय काढायचं हा शेवटचा शब्दही त्याचाच. काहीजण स्वतः स्वरलिपी लिहीतही. पण एकाच नावाखाली कव्वाली, लावणी आणि जॅझ सारख्याच सफाईनं ऐकू येतात, तेव्हा त्यामागे अनेक हात असतात.